गोष्ट उसवणाऱ्या यंत्राची कथा लिहितेय, सोलापुरातच घडते. यंत्राचे नियम कसे ठरवू?

कंबरतळं

नमस्कार मंडळी. बऱ्याच दिवसांपासून एक मोठी कथा लिहितेय, कुणी विज्ञानकथा म्हणेल कुणी अद्भुतकथा, मला त्याच्याशी फार देणंघेणं नाही. कथेत एक यंत्र आहे. त्याच्यात गोष्ट घातली की ते ती उसवतं, तुकडे वेगळे करतं, मग ते तुकडे आपण हवे तसे परत लावायचे आणि यंत्र चालवायचं, आणि सकाळी उठून बघावं तर बाहेरचं जगच त्या नव्या गोष्टीप्रमाणे झालेलं. लोकांच्या डोक्यात बदल नाही, खरोखरचा बदल. रस्ते, घरं, माणसं, सगळं.

यंत्र आहे आपल्या सोलापुरात, बंद पडलेल्या एका गिरणीच्या मागच्या शेडमध्ये. दिसायला जुन्या जकार्ड मागासारखं, म्हणजे नक्षी विणायच्या मागासारखं, वरती भोकं पाडलेल्या पंचकार्डांची माळ लटकलेली. नायिकेचे वडील चादरीच्या डिझाइनची कार्डं मारायचे, म्हणजे त्यांना भोकं पाडायचे, त्यामुळे तिला ती वाचता येतात आणि म्हणूनच यंत्र तिच्या हाती लागतं.

आता मुख्य भाग. ती लहानपणापासून गड्ड्याची यात्रा बघत आलीये. सोलापूरकरांना माहितीच आहे पण बाहेरच्यांसाठी थोडक्यात सांगते, सिद्धरामेश्वरांशी लग्न करायचा हट्ट एका कुंभाराच्या मुलीनं धरला, त्यांनी सांगितलं मी तर योगी, माझ्या योगदंडाशी लग्न कर, तिनं केलं आणि नंतर ती सती गेली. आठशे-नऊशे वर्षांपूर्वीची ही कथा आपण दर संक्रांतीला जिवंत करतो. सात नंदीध्वज म्हणजे उंच मानाच्या काठ्या निघतात, अडुसष्ट लिंगांना तैलाभिषेक होतो, सम्मती कट्ट्यावर लग्नाच्या अक्षता पडतात आणि दुसऱ्या दिवशी होम मैदानावर बाजरीच्या पेंढीची कुंभारकन्या करून, तिला शालू नेसवून, मणी-मंगळसूत्र घालून होमात अर्पण करतात. माझ्या नायिकेला अक्षतेच्या दिवशी आनंदानं रडू येतं आणि होमाच्या दिवशी ती घराबाहेर पडत नाही. यंत्र मिळाल्यावर तिच्या मनात एकच येतं, त्या मुलीला वाचवायचं.

इथपर्यंत लिहून झालंय. पुढं अडलेय. एक तुकडा बदलला तर शहरात किती बदल व्हायला पाहिजे? आधीचं कुणाला आठवतं का? आणि यंत्र गोष्ट नेमकी उसवतं कशी? मला नुसती जादू नकोय. काय होऊ शकतं आणि काय होऊ शकत नाही हे वाचकाला लवकर कळलं पाहिजे, नाहीतर शेवटी काहीही घडू शकतं आणि मग वाचणाऱ्याचा जीव कशातच अडकत नाही. ज्यांना मागाची माहिती आहे, लोककथांची आहे, यात्रेची आहे त्या सगळ्यांनी लिहा प्लीज. मोठं लिहिलं तरी चालेल, मी सगळं वाचणार.

धोटा_पूर्वभाग

ताई, जकार्डचं नाव घेतलात म्हणून लिहितोय, आमच्या घरात आजोबांपासून माग हाय, आधी हातमाग मग पॉवरलूम. नियम शोधायला तुम्हाला लांब जायची गरजच नाही बगा, जकार्डमध्येच सगळे नियम हायेत.

एक कार्ड म्हणजे एक आडवा धागा, बाण्याचा. कार्डावर भोक असलं की सुई आत जाते, हुक वर उचलला जातो आणि त्या हुकाला बांधलेले ताण्याचे म्हणजे उभे धागे वर येतात, त्याच्या खालनं आडवा धागा घेऊन धोटा पळतो. भोक नसलं की सुई मागं ढकलली जाते, हुक खालीच राहतो. एवढंच. फुल असो, मोर असो, देवाचं चित्र असो, शेवटी भोक हाय की नाही एवढंच. हे १८०४ च्या सुमाराला फ्रान्समध्ये ल्योनच्या जकार्ड नावाच्या माणसानं जमवलं आणि १८३९ मध्ये त्याचंच चित्र रेशमात विणलं तर त्याला चोवीस हजार कार्डं लागली होती. एका माणसाच्या फोटोला चोवीस हजार. तर तुमच्या अख्ख्या गोष्टीला किती लागतील याचा विचार करा, शेड भरून कार्डं पाहिजेत, ती कुणी मारली, कधी मारली हा एक वेगळाच प्रश्न हाय आणि तो कथेत यायला पाहिजे असं मला वाटतं.

आता तुमचा पहिला प्रश्न, किती बदल व्हायचा. नीट ऐका. एका हुकाला एकच धागा नसतो. चादरीच्या पन्ह्यात तीच नक्षी परत परत येते ना, तर प्रत्येक नक्षीतला त्या जागेचा धागा एकाच हुकाला बांधलेला असतो. म्हणून एक भोक बुजवलं तर एका फुलाची पाकळी जात नाही, पन्हाभर जितकी फुलं हायेत त्या सगळ्यांची तीच पाकळी जाते. शिवाय कार्डांची माळ गोल फिरते, शेवटचं कार्ड झालं की पहिलं येतं, म्हणजे लांबीतसुद्धा तो बदल परत परत येणार. तुमच्या यंत्रात हेच करा. ती पोरगी एका गोष्टीतलं एक भोक बुजवणार आणि जिथं जिथं तसला प्रसंग हाय त्या सगळ्या गोष्टींत तो बुजणार. दरवर्षी बुजणार.

अजून एक, ते कुणाला सुचणार नाही म्हणून सांगतो. विणलेल्या कापडातनं धागा ओढून काढा कधी. तो सरळ नसतो. दुसऱ्या धाग्यांच्या वरनं खालनं गेलेला असतो त्याची वळणं त्याच्या अंगात राहतात, ताणलं तरी थोडी राहतातच. तसला धागा परत नवीन कापडात घातला तर त्या जागी कापड कसंतरीच दिसतं, जाणत्याला हात फिरवला की कळतं. तर गोष्टीतनं काढलेला तुकडा कोरा नसतो ताई. तो आधी कुणाच्या शेजारी होता ते घेऊनच येतो.

कंबरतळं

दादा, हे मला कुठल्याही पुस्तकात मिळालं नसतं. हुकाचं वाचून अंगावर काटा आला, कारण मी आतापर्यंत फक्त होम मैदान बदललेलं दाखवत होते आणि बाकी शहर जसंच्या तसं. धाग्याच्या वळणांचं तर मी आजच लिहायला घेते. नायिकेनं लावलेला तुकडा लोकांना बोटांनी जाणवला पाहिजे, म्हणजे सगळं नीट दिसतंय पण रस्त्यावरून चालताना एका ठिकाणी पाय अडखळतो, असं काहीतरी.

हिप्परगा

छान विषय काढलात. लोककथांचा थोडा अभ्यास केलाय म्हणून माझी बाजू सांगतो.

गोष्टी उसवायचं काम माणसांनी खरंच केलेलं आहे. व्लादिमीर प्रॉप नावाच्या रशियन अभ्यासकानं शंभर रशियन परीकथा घेतल्या आणि १९२८ साली दाखवून दिलं की पात्रं कितीही बदलली तरी त्यांच्यात घडणाऱ्या क्रिया एकतीसच आहेत. कुणीतरी घर सोडतं, कशाला तरी मनाई केली जाते, ती मनाई मोडली जाते, मदत करणारा भेटतो, असं. सगळ्या क्रिया प्रत्येक कथेत नसतात पण ज्या असतात त्यांचा क्रम बहुधा बदलत नाही. तुमच्या यंत्राला हा क्रमाचा नियम फार कामाचा आहे, तुकडे कसेही लावता येऊ नयेत, काही तुकडे काही तुकड्यांच्या आधी बसतच नाहीत आणि जबरदस्ती केली तर यंत्र अडकतं.

दुसरीकडे जगभरच्या कथांना नंबर देऊन वर्गीकरण केलंय, आर्ने यांनी १९१० मध्ये सुरू केलं, थॉम्पसन यांनी वाढवलं, २००४ मध्ये उथर यांनी नव्यानं मांडलं. आपली ब्राह्मणी आणि मुंगसाची गोष्ट, ज्यात बाळाला वाचवणाऱ्या मुंगसालाच ती गैरसमजानं मारते, तिला १७८ अ असा नंबर आहे, आणि युरोपात तीच गोष्ट मुंगसाच्या जागी कुत्रा घालून सांगतात. वरच्या दादांनी जे हुकाचं सांगितलं ते हेच. इथं मुंगूस वाचवलं की तिकडं कुत्रा वाचणार.

पण मला वाटतं तुमच्या यंत्राचं खरं मूळ आपल्या श्रावणातल्या कहाण्यांमध्ये आहे. आदित्यराणूबाईची कहाणी आठवा. राणी सहा मोती घेते, तीन स्वतःकडं ठेवते, तीन ऐकणाऱ्याला देते आणि कहाणी सांगते. मोळीविक्या ऐकतो, त्याची लाकडाची मोळी सोन्याची होते. माळ्याचा मळा सुकलेला असतो, त्याच्या विहिरीला पाणी येतं. एका म्हातारीचे हरवलेले, बुडालेले, सापानं खाल्लेले मुलगे परत येतात. म्हणजे गोष्टीनं जग बदलणं हे आपल्याकडं आधीपासूनच आहे, मात्र दोन अटींवर. सांगणाऱ्यानं मनोभावे सांगायची आणि ऐकणाऱ्यानं चित्तभावे ऐकायची. एकट्यानं शेडमध्ये बसून होत नाही ते. ऐकणारा पाहिजेच, आणि त्याला मोती द्यावे लागतात.

नायिकेच्या अडचणीवर एक सुचवतो. कुंभारकन्येच्या कथेत होमाच्या पुढचा तुकडाच नाही. ती वाचली तर दुसऱ्या दिवशी ती काय करते, कुठं राहते, काहीच लिहिलेलं नाही. मग तो तुकडा दुसऱ्या गोष्टीतून आणावा लागणार. सोलापुरातच मार्कंडेयाची कथा आहे, सोळाव्या वर्षी मरण ठरलेलं, मुलगा पिंडीला मिठी मारतो, यमाचा फास पिंडीवर पडतो, शंकर प्रकटतात आणि मुलगा वाचतो. ठरलेलं मरण टळणं हा तुकडा तिथं तयार आहे. तो काढून इकडं लावावा.

सातरस्ता

भारी थ्रेड आहे हा. मला एक सुचलं, कुंभारकन्येच्या ऐवजी किंवा तिच्यासोबत चार हुतात्म्यांची गोष्ट का नाही घेत? १२ जानेवारी १९३१, येरवड्यात मल्लप्पा धनशेट्टी, जगन्नाथ शिंदे, कुर्बान हुसेन आणि श्रीकिसन सारडा यांना फाशी दिली. यात्रेचेच दिवस असतात ते. दरवर्षी एकाच आठवड्यात शहर एकीकडं पुतळ्यांना हार घालतं आणि दुसरीकडं नंदीध्वजाची तयारी करतं. नायिकेच्या हातात असं यंत्र आलं आणि तिला फक्त कथेतली मुलगी आठवली, हे मला पटत नाही. मी असतो तर पहिल्यांदा ती फाशी थांबवली असती. १९३० च्या मेमध्ये आपल्या गावानं काही दिवस इंग्रजांचं राज्यच उडवून लावलं होतं, म्हणून तर मार्शल लॉ आला. ते पुढं चालू राहिलं असतं तर?

जुना_बोळ

सातरस्ता, तुझी तळमळ कळते रे, पण मला हे खोलवर खटकलं आणि मी ते सांगणारच. ती गोष्ट नाही, ते घडलेलं आहे. त्या चार घरांमध्ये खरोखर माणसं गेली. कुर्बान हुसेन वर्तमानपत्र चालवायचे, बाकीचेही आपापली घरंदारं असलेले लोक होते, चौघं वेगवेगळ्या जातीधर्माचे, आणि त्यांनी जे केलं ते परिणाम माहीत असून केलं. आपण नव्वद वर्षांनंतर एका यंत्रात त्यांना घालून फाशी उडवून लावायची म्हणजे त्यांनी स्वतः घेतलेला निर्णय त्यांच्या हातून काढून घेणं झालं. मला माझ्या आजोबांनी त्या चौकात उभं करून ही हकिगत सांगितलेली आहे, चौघांची नावं पाठ करून घेतलेली आहेत. उद्या ती नावं कुणाला आठवेनाशी झाली, कारण काही घडलंच नाही, तर त्याला मी वाचवणं म्हणणार नाही.

कथेच्या बाजूनं पण बघा. घडलेल्या गोष्टीचे कागद असतात. खटल्याचे, तुरुंगाचे, त्या वेळच्या वर्तमानपत्रांचे. यंत्र फक्त सांगितलेलं उसवत असेल तर कागद तसेच राहतील आणि दोन खरी जगं एकमेकांवर आदळतील. ताई, माझी विनंती आहे, तुमच्या यंत्राला घडलेल्या इतिहासाला हात लावता येत नाही असा नियमच करा. नायिकेला एकदा तो मोह होऊ दे, चौकात ती पुतळ्यांसमोर उभी राहू दे, आणि तिथून परत येऊ दे.

सातरस्ता

काका, निर्णय त्यांच्या हातून काढून घेणं हा विचार माझ्या डोक्यात आला नव्हता. नियम मान्य. फक्त मोहाचा तो प्रसंग ताईंनी छोटा करू नये, तो पूर्ण लिहावा, कारण माझ्यासारख्या बऱ्याच जणांना हेच वाटणार आहे.

धोटा_पूर्वभाग

हिप्परगा सर, तुमच्या अभ्यासाचा मान हाय, पण मार्कंडेयाचं वाचून राहवलं नाही. आम्ही पद्मशाली, विणकर समाज. मार्कंडेय आमचे मूळपुरुष. भावनाऋषींनी कमळाच्या तंतूंपासून देवांसाठी वस्त्र विणलं तिथनं आमचा माग चालू होतो असं आम्ही मानतो. नारळी पौर्णिमेला रथ निघतो तेव्हा पूर्व भागात, आमच्या विणकरांच्या वस्तीत, एक घर रिकामं नसतं, मुंबई-भिवंडीला गेलेली पोरं सुट्टी काढून येतात. तुम्ही म्हणताय की ठरलेलं मरण टळलं हा तुकडा तिथनं काढायचा अन् कुंभाराच्या पोरीला लावायचा. बरं. मग आमच्या पोराचं काय? फास पडला आणि शंकर आलेच नाहीत. सोळाव्या वर्षी मेला. मग रथ कुणाचा? आमचा माग कुणाचा? अन् तो माग नसला तर ते यंत्र तरी कुठनं आलं, त्या शेडमध्ये जकार्ड बसवायला सोलापुरात विणणारं कुणी राहिलंच नाही.

मी रागानं नाही लिहीत सर. मला वाटतं हाच तुमच्या कथेचा कणा हाय ताई. एका मोहल्ल्यातली पोरगी वाचवायला दुसऱ्या मोहल्ल्यातला पोरगा मारावा लागतो, आणि कार्डं मारताना तिला ते दिसतच नाही कारण कार्डावर नुसतं भोक दिसतं, कुणाचा धागा वर येणार ते खाली मागाजवळ आल्याशिवाय कळत नाही. तिला खाली आणा. मागाजवळ आणा.

हिप्परगा

दादा, तुम्ही लिहिलंत ते वाचून बराच वेळ नुसता बसून होतो. रचनेकडं बघताना मी तुकडा सुटा धरला, तुम्ही तो कुणाच्या घरातला आहे ते दाखवलंत. यंत्रसुद्धा त्यातून नाहीसं होतं हा मुद्दा तर फार मोठा आहे, कथेतला धोका तिथून खरा होतो.

सोन्नलगी

आमच्या घरी कन्नड. आजी अक्कलकोटकडची. मी यात्रेत बाराबंदी हा पांढरा पोशाख घालून नंदीध्वजाबरोबर चालतो, लहानपणापासून चालत आलोय, त्यामुळे हा थ्रेड पहिल्या ओळीपासून श्वास रोखून वाचलाय. थोडं लांबेल, सांभाळून घ्या.

एक गोष्ट तुमच्या सगळ्यांच्या बोलण्यात राहून गेली. ही कथा एकाच भाषेत नाहीये. सिद्धरामेश्वर स्वतः वचनकार, म्हणजे भक्तीची वचनं रचणारे, बसवण्णा-अल्लमप्रभू या संतांच्या काळातले, त्यांची वचनं कन्नडमध्ये. कट्ट्यावर सम्मती वचन म्हणतात तेही कन्नड, आणि दिड्डम दिड्डम सत्यम सत्यम म्हटलं की लाखो हात वर जातात, त्यात मराठी, कन्नड, तेलुगू बोलणारे सगळे असतात. आमच्या आजीनं सांगितलेली गोष्ट आणि ताईंनी वर मराठीत लिहिलेली गोष्ट सारखी नाही. आजीच्या सांगण्यात ती मुलगी रोज सकाळी अंगणात सडा घालते, तेवढ्यात सिद्धराम तळ्याकडं जाताना दिसतात आणि मग ती तळ्याच्या कामावर माती वाहायला जायला लागते. आजी त्या माती वाहण्यावरच फार वेळ थांबायची. लग्नाचं पटकन सांगायची. होमाचं तर एका वाक्यात.

तर माझा मुद्दा असा की यंत्रात कार्डांच्या माळा वेगवेगळ्या पाहिजेत. मराठीची वेगळी, कन्नडची वेगळी, तेलुगूची वेगळी, दखनीची वेगळी. नायिकेला वडिलांकडून मराठीचीच कार्डं वाचता येतात. ती तीच बदलणार. मग सकाळी काय होतं? मराठी घरांमधून कथा गेली. पांढऱ्या बाराबंदीतली माणसं रस्त्यावर उभी आहेत, अंगावर हे कपडे का आहेत ते कुणालाच कळत नाही, हातात नंदीध्वज आहे पण कुठं न्यायचा माहीत नाही. आणि त्याच बोळात एक कन्नड म्हातारी ओंजळीत अक्षता घेऊन कट्ट्याकडं निघालीये, तिला वाटतंय आज सगळे असे गप्प का उभे. अर्धं शहर एका जगात, अर्धं दुसऱ्या. तुमच्या पहिल्या दोन्ही प्रश्नांची उत्तरं यात मिळतात बघा, किती बदलतं आणि कुणाला आठवतं.

आठवण्याबद्दल अजून एक. कन्नड मुलखात एक लोककथा आहे, लोककथांचे अभ्यासक ए. के. रामानुजन यांनी जमवलेल्या कथांमध्येही ती आहे. एका बाईला एक गोष्ट आणि एक गाणं येत असतं, पण ती कधीच कुणाला सांगत नाही. दोघं आत कोंडून कोंडून कंटाळतात आणि ती झोपलेली असताना तोंडातून बाहेर पडतात. गोष्ट जोडे होऊन दाराबाहेर बसते, गाणं पुरुषाचा कोट होऊन खुंटीवर बसतं. नवरा येतो, विचारतो हे कुणाचं, तिला काहीच माहीत नसतं. भांडण होतं, तो रागानं मारुतीच्या देवळात जाऊन झोपतो. आणि रात्री गावातल्या दिव्यांच्या ज्योती घराघरातून निघून त्या देवळात जमतात आणि गप्पा मारतात, त्यातली एक उशिरा येते आणि आपल्या घरात काय झालं ते सांगते, त्यावरून नवऱ्याला खरं कळतं. तो घरी जाऊन विचारतो तर बायको म्हणते, कसली गोष्ट आणि कसलं गाणं. तोवर ती दोन्ही विसरलेली असते.

तुमच्या यंत्रात उसवून उरलेले तुकडे जातात कुठं? मला वाटतं ते असेच बाहेर पडतील. कुणाच्या दारात एक चप्पल, कुणाच्या खुंटीवर एक शालू, कुणाच्या फळीवर मणी-मंगळसूत्र, आणि घरोघरी भांडणं लागतील की हे कुणाचं. आणि जे घडलं ते माणसं विसरली तरी ज्योतींना माहीत असणार. संक्रांतीच्या रात्री तळ्यातल्या देवळात ज्योती जमतात आणि नायिका तिथं झोपलेली आहे, असा एक प्रसंग तुम्ही लिहाच.

होमाबद्दल शेवटचं बोलतो, कारण ते मनात आहे. ताई, तुमच्या नायिकेला वाईट वाटतं ते मी समजू शकतो, माझ्या बहिणीलाही वाटतं. पण आम्ही पेंढीला शालू नेसवतो तेव्हा हात फार हळू चालतात. दरवर्षी ती परत येते, हळद लागते, अक्षता पडतात. होम काढून टाकलात तर ती पुढच्या वर्षी कुठून येणार हे नायिकेला कुणीतरी विचारलं पाहिजे. उत्तर तिनं काहीही द्यावं, मी ते वाचायला तयार आहे.

कंबरतळं

सोन्नलगी, धोटा दादा, हिप्परगा सर, काका, सातरस्ता, तुम्ही सगळ्यांनी मिळून माझी कथा दुप्पट मोठी केलीत. आज बसून पुढचा आराखडा केला, तो इथं टाकते, चुकत असेल तिथं बोला.

यंत्र घडलेलं उसवत नाही, फक्त सांगितलेलं. पुतळ्यांपुढचा प्रसंग पूर्ण लिहिणार, चौघांची नावं ती मोठ्यानं म्हणते आणि मग तिच्या लक्षात येतं की ही कार्डं तिच्याकडं नाहीतच. माळा चार, तिला वाचता येते एकच. पहिल्या वेळी ती मराठीची माळ बदलते आणि मार्कंडेयाच्या गोष्टीतला तुकडा न विचारता उचलते. सकाळी अर्धं शहर गप्प आणि पूर्व भागात एका घरात सोळा वर्षांचा पोरगा तापानं फणफणलेला. तो पोरगा तिच्या शेजारच्या मागवाल्याचा मुलगा असेल, तिच्या ओळखीचा, रोज हाक मारणारा. त्याला वाचवायचं तर तुकडा परत द्यायला लागणार, आणि परत दिलेला धागा आधीसारखा सरळ राहिलेला नसणार. दादा, तुमचं ते वळणांचं इथं येतंय.

मग दुसऱ्या वेळी ती यंत्राकडं जातच नाही आधी. पूर्व भागात जाते, त्या आजारी पोराच्या उशाशी बसते आणि त्याच्या आजीकडून मार्कंडेय ऐकते, तेलुगूत, अर्धं कळतं अर्धं नाही. नंतर एका कन्नड आजींकडं जाऊन कुंभारकन्या ऐकते, माती वाहण्यासकट. सर, तुमच्या मोत्यांची अट मी उलटी लावतेय, इथं ऐकणारीनंच सांगणारीला काहीतरी द्यायचं, आणि ती काय देते हे अजून ठरत नाहीये. वडिलांनी मारलेली शेवटची कार्डं द्यावीत असं वाटतंय.

होमाचं मी अजून सोडवलेलं नाही. ती मुलगी वाचते की नाही यापेक्षा तिला एक पूर्ण दिवस मिळावा असं मला आता वाटायला लागलंय, अक्षता आणि होम यांच्या मधला एक दिवस, जो कुठल्याच भाषेतल्या कार्डांवर नाही. तो यंत्रानं विणलेला नसेल, नायिकेलाच कोरी कार्डं घेऊन मारायला लागेल. त्या दिवशी ती मुलगी काय करते, कुणाला भेटते, तळ्यावर जाते का, हे लिहायला मला कुंभारकामाची माहिती लागणार आहे. चाक, माती, भट्टी, कुणी आहे का इथं त्या कामातलं?

धोटा_पूर्वभाग

ताई, कोरी कार्डं मारायची असतील तर आधी ग्राफ काढायला लागतो, चौकटीच्या कागदावर. एक उभी ओळ म्हणजे एक हुक, एक आडवी ओळ म्हणजे एक कार्ड. तिनं तो दिवस आधी कागदावर चौकट चौकट रंगवलेला दाखवा, नाहीतर कार्ड मारणारे वाचतील आणि म्हणतील हिला कामच माहीत नाही. आता बऱ्याच ठिकाणी पेनड्राइव्हवर डिझाइन चालतं पण आमच्याकडं जुनी कार्डं अन् मारायचं मशीन दोन्ही ठेवलेलं हाय. सुट्टीचा वार सोडून कधीही या, माग चालू असताना बघा, बंद मागावर काही कळत नाही. कुंभारकाम करणारे ओळखीचे हायेत, त्यांना विचारून ठेवतो, पण गोष्ट काय लिहिणार ते तुम्ही स्वतः त्यांना आधी सांगा, मग माती-भट्टीचं विचारा.

सोन्नलगी

मी पण येतो. आजीला विचारलं, तळ्याच्या कामाचं तिला अजून बरंच आठवतंय, पण फोनवर सांगणार नाही म्हणाली, समोर बसून ऐकायला या म्हणाली.